‘तुमच्या देशात उपलब्ध नाही’ म्हणजे नेमकं अडवलंय कोणी?

केळीचा_घड (रावेर)

राम राम मंडळी. प्रश्न लहान आहे, पण घरात त्यावरून रोज कटकट चालू आहे.

दिवाळीला माझी मामेबहीण कॅनडाहून माहेरी आली होती. तिच्या मुलाच्या फोनमध्ये एक नवा गेम होता. आमचा चिरंजीव नववीत. चार दिवस दोघं त्या एका फोनवर असे वाकलेले की फराळाला हाका मारून घसा बसला. पाहुणे गेले आणि आमच्याकडे शोधाशोध सुरू झाली. प्ले स्टोअरवर नाव टाकलं तर काहीच येईना. भाच्याने तिकडून लिंक पाठवली, ती उघडली तर एकच ओळ: ‘तुमच्या देशात उपलब्ध नाही’.

गेम चिनी नाही, जुगाराचा नाही. फिनलंडच्या कंपनीचा आहे म्हणे. पोरगा म्हणतो, पप्पा, आपल्यावर बंदी आहे. मी म्हटलं, आपली केळी आखातात जाते, इराणला जाते, आणि तिकडचा साधा गेम रावेरला येत नाही? कोणी अडवलाय तो? सरकारने, गूगलने की कंपनीने? जाणकारांनी सांगावं.

टेम्पर्ड_काच (धुळे)

घडभाऊ, आधी ती ओळ नीट वाचा. माझं मोबाईलचं दुकान आहे. ‘गेम बॅन झाला’ म्हणत रोज कोणीतरी येतं. फोन हातात घेतला की दिसतं, ओळ वेगळीच आहे: ‘तुमच्या डिव्हाइसशी सुसंगत नाही’. त्यात देशाचा काही संबंध नसतो. फोनची रॅम दोन जीबी, नाहीतर अँड्रॉइड जुनं. इतक्या रॅमखालच्या फोनला गेम दाखवूच नका, असं कंपनीनेच प्ले स्टोअरला सांगून ठेवलेलं असतं.

आणखी एक प्रकार पोरं कधीच सांगत नाहीत. बापाने फॅमिली लिंक लावलेलं असतं, वयाची मर्यादा बारा. मग सोळा वर्षांवरचा गेम शोधात येतच नाही. पोरगा मित्रांत सांगतो, सरकारने बॅन केला. सरकार म्हणजे पप्पा!

केळीचा_घड

नाही हो, देशाचीच ओळ आहे. दोनदा वाचली. फॅमिली लिंक काय ते आत्ता कळलं, आज रात्रीच लावतो.

गिरणामाय (भडगाव)

घडभाऊ, पोऱ्यानी हाई धागा वाचा तर तुमनं काई खरं नही.

बोरीकाठ (मूळ अमळनेर, सध्या पुणे)

मी गेम बनवणाऱ्या कंपनीत आहे, सात वर्षं झाली. तुमच्या वर्णनावरून हा सरळ ‘सॉफ्ट लाँच’ वाटतो. बंदी नाही, चाचणी आहे.

कपाशीचं नवं वाण आलं की तुम्ही सगळं शेत त्याखाली घालत नाही. आधी दोन एकर लावून बघता. गेमवाल्यांचे हे दोन एकर म्हणजे बहुतेक वेळा कॅनडा, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, नाहीतर उत्तर युरोपातले छोटे देश. कॅनडाच का? तिथल्या लोकांच्या खेळायच्या आणि खर्चायच्या सवयी अमेरिकेसारख्या, पण लोकसंख्या कमी. गेम आपटला तरी अमेरिकेत बोभाटा होत नाही. फिनलंडच्याच सुपरसेलचा ब्रॉल स्टार्स जून २०१७ मध्ये कॅनडात उतरला आणि बाकी जगाला डिसेंबर २०१८ मध्ये मिळाला. मधलं दीड वर्ष ते नुसते बदल करत होते. त्यांचाच क्लॅश मिनी २०२१ मध्ये असाच मोजक्या देशांत आला. तो जगभर कधी आलाच नाही, २०२४ मध्ये तिथेच गुंडाळला.

आमच्याकडे प्ले स्टोअरच्या खात्यात देशांची यादी असते. प्रत्येक देशापुढे एक चौकोन. भारतापुढे टिक नाही की तुमच्याकडे ती ओळ दिसते. दिल्लीला पत्ता नसतो, गूगलचाही त्यात हात नसतो. कोणीतरी हेलसिंकीत बसून एक चौकोन रिकामा सोडलेला असतो, बस.

आणि दरवेळी आपण शेवटच्या पंगतीला असतो असंही नाही. २०२१ मध्ये एपेक्स लेजेंड्स मोबाईलची पहिली चाचणी भारत आणि फिलिपिन्समध्येच जाहीर झाली होती. तेव्हा कॅनडातली पोरं अशीच रडत असतील. (तो गेम मे २०२३ मध्ये बंद पडला, ते सोडा.)

शिरपूर_स्क्वॉड (शिरपूर)

दादा हे ठीक आहे पण पबजीचं काय? तो तर आपल्याकडे होता ना. चालू असलेला गेम काढून घेतला. बारावीचं वर्ष होतं माझं, अकाउंटवर अडीच वर्षांची मेहनत होती.

काळा_कोट (जळगाव)

बारावीच्या वर्षी मेहनत अकाउंटवर होती, हे वडिलांना माहीत होतं का, बेटा?

असो. ती दुसरी गोष्ट, आणि ती खरोखर सरकारची. माहिती तंत्रज्ञान कायदा २०००, कलम ६९अ. देशाची सुरक्षा, सार्वभौमत्व, सार्वजनिक सुव्यवस्था अशा कारणांवर केंद्र सरकार ऑनलाइन मजकूर किंवा ॲप अडवण्याचा आदेश देऊ शकतं. २९ जून २०२० ला ५९ ॲप गेली, त्यात टिकटॉकसोबत क्लॅश ऑफ किंग्ज आणि मोबाईल लेजेंड्स हे गेमही होते. २ सप्टेंबरला आणखी ११८, त्यात पबजी मोबाईल. फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायर. यातली गंमत बघा: फ्री फायर गेला, पण त्याचाच थोरला भाऊ फ्री फायर मॅक्स प्ले स्टोअरवर राहिला. आदेश ॲपच्या नावाने निघतो. त्यामागचा खेळ तोच आहे की दुसरा, हे त्यात येत नाही.

कारणं सविस्तर का छापत नाहीत, असं सगळे विचारतात. २००९ च्या नियमांत अशा आदेशांबाबत गुप्तता पाळायची तरतूदच आहे. त्यामुळे पानटपरीवर जे तर्क चालतात ते तर्कच राहतात.

शिरपूर_स्क्वॉड

पण काका, एक गोष्ट माझ्या डोळ्यांसमोरची. जुलै २०२२ मध्ये बीजीएमआय, म्हणजे पबजीची भारतासाठी काढलेली आवृत्ती, स्टोअरमधून काढला ना, तेव्हा माझ्या फोनवर तो चालूच होता. नवीन कोणाला टाकता येत नव्हता, पण ज्यांच्याकडे होता ते खेळत होते. पबजीच्या वेळी तसं नाही. ३० ऑक्टोबर २०२० ला सर्व्हरच बंद. फोनमध्ये गेम आहे, पण आत काही नाही.

बोरीकाठ

बरोबर निरीक्षण. दुकानातून माल काढणं वेगळं आणि वीज तोडणं वेगळं. पहिल्यात घरातला पंखा फिरत राहतो.

बीजीएमआय मे २०२३ च्या शेवटी परत आला तो तीन महिन्यांच्या तपासणीच्या अटीवर. अठरा वर्षांखालच्यांना दिवसाला तीन तास, बाकीच्यांना सहा. म्हणजे ‘उपलब्ध आहे’ आणि ‘उपलब्ध नाही’ यांच्यामध्येही एक खोली असते.

शहादेकर_ताई (शहादा)

मी शिक्षिका आहे, म्हणून मी बोलले की सगळे तुटून पडतील, तरी बोलते. मला बंदी आवडते. वर्गात पहिल्या तासाला निम्मी मुलं डोळे चोळत बसतात. आमच्या शेजारच्या गुजरातेत राजकोट पोलिसांनी मार्च २०१९ मध्ये पबजीवर बंदी घालून पोरांना अटकही केली होती, तेव्हा मीच म्हटलं होतं की अटक जास्त झाली. पण चीन बघा. ज्यांचे गेम जगभर विकले जातात त्यांनी स्वतःच्या मुलांसाठी सप्टेंबर २०२१ पासून नियम केला: शुक्रवार, शनिवार, रविवार आणि सुट्टीच्या दिवशी, रात्री आठ ते नऊ. आठवड्याला तीन तास. त्यांना कळतं ते आपल्याला कळत नाही?

बोरीकाठ

ताई, तुटून पडत नाही. पण चीनमध्ये फक्त मुलांना आवर नाही, तिथे प्रत्येक गेमला सरकारी परवाना क्रमांक लागतो, पुस्तकाला लागतो तसा. तो नसेल तर गेम नाही. २०१८ मध्ये बरेच महिने परवाने देणंच थांबलं, मग जुलै २०२१ ते एप्रिल २०२२ पुन्हा थांबलं. २०२० च्या ३१ डिसेंबरला ॲपलने तिथल्या दुकानातून एका दिवसात ३९,००० गेम काढले, कारण त्यांच्याकडे हा क्रमांक नव्हता. त्यात शाळकरी मुलांसाठीचे कोड्यांचे गेमही गेले असणार. गूगल प्ले तर तिथे नाहीच.

भुसावळ_दोहा (मूळ भुसावळ)

इकडचं सांगतो. कतारमध्ये ऑगस्ट २०२५ मध्ये रोब्लॉक्स बंद झाला. त्याआधी ऑगस्ट २०२४ मध्ये तुर्कस्तानने केला होता. मुलांची सुरक्षितता हे कारण. माझी मुलगी तिसरीत. तिला वाटलं नेट गेलं, तिने राऊटर चालू-बंद करून पाहिला. भुसावळला आजीकडे व्हिडिओ कॉल लावला तर तिकडे आतेभाऊ तोच गेम खेळतोय! आता तिचं म्हणणं, उन्हाळ्यात भुसावळला चला. मेमध्ये, भुसावळला! ४५ अंशांत! आजवर कोणत्याही मुलाने हा हट्ट धरला नसेल.

गिरणामाय

😂😂 दादा, तिले लई या. कूलरना पाना फिरू देवा.

लळिंगचा_वारा (धुळे)

जुनी आठवण निघाली म्हणून लिहितो, थोडं लांबेल.

पोकेमॉन गो, म्हणजे फोन घेऊन खऱ्या रस्त्यांवर फिरत पोकेमॉन पकडायचा गेम, जुलै २०१६ मध्ये अमेरिका, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंडला आला. भारतात अधिकृतपणे आला डिसेंबरच्या मध्याला, जिओसोबत. मधले पाच महिने आम्ही सगळ्यांनी बाहेरून फाइल उतरवून खेळला. तेव्हा कळलं की फोनमध्ये गेम असणं आणि गावात गेम असणं या दोन गोष्टी आहेत. त्यातले थांबे, म्हणजे जिथे गेलं की पोकेमॉन पकडायचे पोकेबॉल मिळतात त्या जागा, आधीच्या इन्ग्रेस नावाच्या गेममधून आले होते, आणि ते थांबे खेळणाऱ्यांनीच सुचवलेले. मुंबई-पुण्यात इन्ग्रेसवाले होते, तिथे चौकाचौकात थांबे. धुळ्यात आम्ही पांझरेच्या काठाने संध्याकाळभर फिरायचो आणि नकाशा कोरा. हिरवं रान, एक निळी रेघ, मध्ये मी. डिसेंबरात जिओची दुकानं थांबे झाली तेव्हा सिमकार्डाच्या रांगेशेजारी उभं राहून आम्ही पहिल्यांदा भरभरून पोकेबॉल घेतले. लोकांना वाटायचं, आम्हीही सिमसाठी उभे आहोत.

दक्षिण कोरियाचा किस्सा तर त्याहून भारी. तिथे तेव्हा सविस्तर नकाशे सरकारी परवानगीशिवाय देशाबाहेर न्यायला मनाई होती, कारण उत्तर कोरिया शेजारी. त्यामुळे गेम अडला, असं तेव्हा म्हणायचे. पण कंपनीने जग चौकटींत कापलं होतं आणि कोरिया वगळताना ईशान्येकडचं सोकचो नावाचं समुद्रकाठचं गाव चुकून बाहेर राहिलं. तिथे गेम चालायला लागला. सोलहून सोकचोच्या बसची तिकिटं संपली! अख्ख्या देशाला गेम मिळाला जानेवारी २०१७ मध्ये. तोवर एका गावाने मौज केली.

मला तेव्हापासून वाटतं, अशी एखादी चुकीची चौकट आपल्या पाचोऱ्यावर का पडत नाही.

टेम्पर्ड_काच

पडली तर पाचोऱ्याच्या गाडीला उभं राहायला जागा मिळणार नाही. आताही मिळत नाही म्हणा.

काळा_कोट

पैशाच्या खेळांबद्दल कोणीच काढलं नाही, म्हणून मी काढतो.

‘देशात’ हा शब्दच अर्धा आहे. पैसे लावायचे गेम आपल्याकडे राज्याराज्यांत अडत होते. तेलंगणने २०१७ मध्ये ऑनलाइन रमीसकट सगळं बंद केलं, आंध्रने २०२० मध्ये. एकाच ॲपवर जळगावचा माणूस संघ लावायचा आणि हैदराबादचा लावू शकायचा नाही. जुगार हा राज्यांचा विषय आणि कौशल्याचा खेळ म्हणजे जुगार नाही, ही ती जुनी ओढाताण. १९५७ चा सर्वोच्च न्यायालयाचा चमारबागवाला निकाल त्यात अजून वाचला जातो. शब्दकोड्यांच्या बक्षीस-स्पर्धा बंगळूरच्या साप्ताहिकातून चालायच्या आणि कूपनं भरायचे मुंबई राज्यातले लोक. प्रश्न हाच होता की चालवणारा दुसऱ्या राज्यात बसलेला असताना मुंबई राज्य त्याच्यावर कर लावू शकतं का. न्यायालय म्हणालं, लावू शकतं. तेव्हा आपला खानदेश मुंबई राज्यातच होता. म्हणजे सर्व्हर कुठे आणि खेळणारा कुठे हा वाद इंटरनेटच्या आधीचा, कागदी कूपनांचा आहे. १९६८ मध्ये रमीला कौशल्याचा खेळ ठरवलं तेही सर्वोच्च न्यायालयानेच.

आता ऑगस्ट २०२५ च्या केंद्रीय कायद्याने पैसे लावायचे सगळे ऑनलाइन गेम, कौशल्य असो की नशीब, बंद केले. २० ला लोकसभा, २१ ला राज्यसभा, २२ ला राष्ट्रपतींची सही. साध्या गेमवर आणि ई-स्पोर्ट्सवर त्यात बंदी नाही.

माझ्याकडे रमीत ट्रॅक्टर गेलेला एक पक्षकार आहे. जास्त लिहीत नाही.

शहादेकर_ताई

हे एक बरं झालं.

बोरीकाठ

याला लागूनच बेल्जियम. तिथल्या गेमिंग आयोगाने एप्रिल २०१८ मध्ये ठरवलं की पैसे भरून बंद पेटी उघडायची आणि आत काय निघेल ते नशिबावर, हा जुगारच. कंपन्यांपुढे दोन वाटा: पेटी काढा नाहीतर निघा. निन्टेंडोने ऑगस्ट २०१९ मध्ये फायर एम्ब्लेम हीरोज आणि ॲनिमल क्रॉसिंग: पॉकेट कॅम्प तिथून काढून घेतले. २०२२ मध्ये डायब्लो इम्मॉर्टल बेल्जियम आणि नेदरलँड्स वगळूनच आला. लक्षात घ्या, सरकारने त्या गेमचं नाव घेऊन बंदी घातली नव्हती. कंपनीने वकिलाचा खर्च आणि तिथली कमाई यांचं गणित मांडलं आणि स्वतः कुलूप लावलं. आमच्या धंद्यात निम्म्या वेळा असंच होतं. बाहेरून दिसते बंदी, आत असतो हिशोब.

आणि कंपन्यांचं आपसातलं भांडण वेगळंच. फोर्टनाइटने ऑगस्ट २०२० मध्ये ॲपल-गूगलला त्यांचा वाटा न देता थेट पैसे घ्यायची सोय केली, त्याच दिवशी तो दोन्ही दुकानांतून बाहेर. मग कोर्ट. युरोपात नवा कायदा आला म्हणून २०२४ मध्ये तिथल्या आयफोनवर परतला, अमेरिकेत मे २०२५ मध्ये. एकच गेम, एकच फोन, माणूस कुठल्या देशात राहतो त्यावर सगळं.

सर्वांत मासलेवाईक मार्व्हल स्नॅप. बनवणारी कंपनी कॅलिफोर्नियाची, सुपरहिरो अमेरिकन. पण प्रकाशक टिकटॉकच्याच मालक कंपनीचा. जानेवारी २०२५ मध्ये टिकटॉक अमेरिकेत बंद झाला तेव्हा हा गेमही सोबत गेला. थोड्याच दिवसांत परतला, पण अमेरिकन गेम अमेरिकेतच ‘उपलब्ध नाही’ झाला होता खरा. केळीच्या घडाला रावेरात बंदी म्हणा.

केळीचा_घड

मला कशाला मध्ये घेता. पण समजलं. म्हणजे माझ्या केसमध्ये फक्त तो चौकोन. मग व्हीपीएन लावून, म्हणजे आपण कॅनडातून नेट वापरतोय असं भासवून, जमेल का? भाचा म्हणतो जमतं.

टेम्पर्ड_काच

प्ले स्टोअर नेटचा पत्ता बघून थांबत नाही. खात्याच्या पेमेंट प्रोफाइलमध्ये जो देश आहे तो धरतो. तो देश वर्षातून एकदाच बदलता येतो, तिथली पैसे भरायची सोय लागते आणि जुनं शिल्लक तिकडे जात नाही. पोरांनी हौसेने कॅनडा केलं आणि मग वर्षभर यूपीआयने काही घेता आलं नाही, असे दोन जण माझ्याकडे रडून गेलेत.

शिरपूर_स्क्वॉड

आणि बाहेरची फाइल तर टाकूच नका काका. मी केलंय. पबजी गेल्यावर एका चॅनलवरून ‘कोरियन आवृत्ती’ म्हणून उतरवली. आधी चालली. मग एकाने साडेतीनशे रुपयांत यूसी (गेममधलं चलन) भरून देतो म्हणून लॉगिन मागितलं, मी दिलं. दुसऱ्या दिवशी अकाउंट त्याचं. पैसे गेल्याचं दुःख नाही, पण तो माझ्याच नावाने माझ्या मित्रांना पैसे मागत होता आणि दोघांनी दिलेही. एकाने अजून माझ्याशी बोलणं सोडलंय.

शहादेकर_ताई

सायबर पोलिसांकडे गेला होतास?

शिरपूर_स्क्वॉड

ताई, घरी सांगायचीच हिंमत नव्हती. पप्पांना आज पण माहीत नाही. हा धागा ते वाचत नसावेत अशी आशा.

काळा_कोट

तुझे पप्पा कोण ते शिरपुरात विचारायला एक फोन पुरतो, बेटा. पुढच्या वेळी मात्र १९३० वर, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर, लगेच फोन कर. पैसे पुढे सरकायच्या आत.

लळिंगचा_वारा

विषयांतर: रविवारी लळिंगच्या पायथ्याशी भरीत आहे. वांगी बामणोदची, काटक्या कपाशीच्या. ज्यांच्या देशात उपलब्ध नाही त्यांनी फोटोवर भागवावं.

भुसावळ_दोहा

हे अमानुष आहे. संपादक मंडळाने प्रतिसाद उडवावा.

केळीचा_घड (अडीच महिन्यांनंतर)

धागा वर काढतो, माफी असावी.

भाच्याचा मेसेज आला. कंपनीने त्या गेममध्ये नोटीस लावली आहे, महिनाअखेर सर्व्हर बंद. जगभर आणायचा विचार सोडला म्हणे. बोरीकाठ, तुम्ही म्हणालात ते दोन एकर, पीक आलं नाही.

पोराला सांगितलं. मला वाटलं, वाईट वाटेल. तो दोन मिनिटं फोनकडे बघत बसला आणि म्हणाला, ‘म्हणजे आता त्याच्याकडे पण येणार ती ओळ.’ मग कॅनडाला व्हिडिओ कॉल लावला. तिकडे पहाट असेल हे विसरला. मामेबहिणीने मला नंतर वेगळा फोन करून जे ऐकवलं ते इथे लिहिता येत नाही.

गिरणामाय

लिखा ना भो, आमले अहिराणी समजस.